चौपन्नांवरून चारांवर: ख्रिसमस बेटावरच्या पाकोळीचे प्रकरण

या प्रकरणात माहितीची टंचाई नव्हती, आणि म्हणूनच ते अभ्यासण्याजोगे आहे. प्राणी कुठे उरलेत, किती वेगाने घटताहेत, याच्या नोंदी पंधरा वर्षे होत होत्या. मोजणारे कसलेले होते, उपकरणे योग्य होती. तरीही हे चिमुकले वटवाघूळ नामशेष झाले. जागा, साल आणि आकडे इथे जसेच्या तसे दिले आहेत. माणसांचा उल्लेख मात्र भूमिकेनेच केला आहे: निरीक्षण पथक, मंत्रालय, तज्ज्ञ गट.

पार्श्वभूमी

ऑस्ट्रेलियाचे सस्तन प्राणी म्हटले की कांगारू आणि कोआला डोळ्यांपुढे येतात. प्रत्यक्षात तिथे तीन घराणी नांदतात. अंडी घालणारे प्लॅटिपस आणि एकिडना हे एक. पोटाच्या पिशवीत पिल्ले वाढवणारे शिशुधान प्राणी हे दुसरे. आणि आपल्यासारखे गर्भात वारेवर पोसले जाणारे उंदीर व वटवाघळे हे तिसरे. तिसऱ्या घराण्याकडे कॅमेरे फारसे वळत नाहीत. यातल्या बहुतेक जाती जगात दुसरीकडे कुठेही नाहीत. १७८८ मध्ये युरोपीय वसाहत सुरू झाल्यापासून तीसहून अधिक सस्तन जाती तिथून कायमच्या गेल्या.

या ऱ्हासाचा एक ठोकताळा अभ्यासकांमध्ये रूढ आहे: सर्वाधिक मार बसतो तो साधारण ३५ ग्रॅम ते साडेपाच किलो वजनाच्या, जमिनीवर वावरणाऱ्या प्राण्यांना. मांजर आणि कोल्हा यांच्या जबड्यात मावणारी हीच मापे. ठोकताळा बरोबर आहे, पण त्याने एक गैरसमजही रुजवला. काही ग्रॅमचा, हवेत उडणारा प्राणी त्या चौकटीबाहेर पडतो, म्हणजे तुलनेने निर्धास्त, असे गृहीत धरणे सोपे होते.

ख्रिसमस बेट हा ऑस्ट्रेलियाचा प्रदेश असला तरी जवळ आहे तो जावाला: जावाच्या दक्षिणेला सुमारे ३६० किलोमीटर. पर्थ तिथून सुमारे २,६०० किलोमीटर. बेटाचे क्षेत्रफळ १३५ चौरस किलोमीटर, म्हणजे बृहन्मुंबईच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी तिथे फॉस्फेटच्या खाणी सुरू झाल्या. जंगलाचा साधारण चौथा हिस्सा खाणींसाठी कापला गेला. उरलेल्यापैकी मोठा भाग आज राष्ट्रीय उद्यानात आहे.

बेटावर देशी सस्तन प्राणी मुळात पाचच: दोन उंदीर, एक चिचुंद्री, एक मोठे फळखाऊ वटवाघूळ आणि एक चिमुकले कीटकभक्षी वटवाघूळ. मॅक्लिअरचा उंदीर आणि बुलडॉग उंदीर हे दोघे विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकातच संपले. जहाजातून आलेल्या काळ्या उंदरांनी आणलेला रक्तातला परजीवी त्यांना भोवला, याला पुढे संग्रहालयातल्या जुन्या कातड्यांमधल्या डीएनएने दुजोरा दिला. चिचुंद्री १९८५ नंतर दिसलेली नाही. थोडक्यात, हे बेट आपले प्राणी किती झटपट गमावू शकते, याचा दाखला आधीच नोंदवलेला होता.

प्रकरण आहे त्या पाचव्या प्राण्याचे: ख्रिसमस बेट पिपिस्ट्रेल. वजन साडेतीन ग्रॅमच्या आसपास, म्हणजे पन्नास पैशांच्या जुन्या नाण्याइतकेही नाही. आपल्याकडे संध्याकाळी दिव्याभोवती आणि माळवदाच्या फटींतून फडफडणाऱ्या छोट्या वटवाघळांना गावोगाव पाकोळी म्हणतात, त्यातल्या पिपिस्ट्रेल वंशाचीच ही नातलग. म्हणून पुढे पाकोळीच म्हणू. दिवसा ती वठलेल्या झाडांच्या सुटलेल्या सालीखाली, ढोलीत, ताड-केवड्याच्या वाळक्या झावळ्यांत दाटीने बसे. संध्याकाळी जंगलाच्या कडेने आणि रस्त्यांवरून किडे टिपत फिरे.

समस्या

१९८४ च्या पाहणीत ही पाकोळी बेटभर सर्रास दिसत होती. १९९० च्या सुमारास घट सुरू झाली. १९९४ च्या पाहणीत ईशान्य भाग, म्हणजे बंदर आणि वस्तीचा भाग, जवळजवळ ओस पडलेला आढळला. पुढच्या प्रत्येक पाहणीत रिकामा पट्टा पश्चिमेकडे सरकत गेला. शेवटी पाकोळी उरली ती बेटाच्या पश्चिम टोकाला.

या नकाशातच एक मोठी खूण होती. जे काही पाकोळीला संपवत होते ते बंदरावर उतरले असावे आणि तिथून पसरत असावे. हवामान, अन्नटंचाई किंवा वादळ असते तर घट एका बाजूने दुसऱ्या बाजूला अशी रांगेने गेली नसती.

मोजणी कशी होत होती, हे नीट पाहायला हवे. बेटावर कीटकभक्षी वटवाघूळ ही एकच जात. मोठे फळखाऊ वटवाघूळ प्रतिध्वनीवरून वाट काढत नाही. त्यामुळे बॅट डिटेक्टरने टिपलेला वटवाघळाचा प्रत्येक अतिध्वनी हा पाकोळीचाच. इतर देशांत आवाजावरून जात ओळखण्यात अर्धा वेळ जातो. इथे ती अडचणच नव्हती. ठरलेल्या जागी रात्रभर यंत्र ठेवायचे, सकाळी नोंदी उतरवायच्या आणि रात्रीगणिक फेऱ्या मोजायच्या. रातकिड्यांचे अतिध्वनी तेवढे गाळायचे.

पण या पद्धतीत एक खोट आहे आणि ती ऐन वेळी दगा देते. यंत्र फेऱ्या मोजते, प्राणी मोजत नाही. एकच पाकोळी एका वाटेवर तासभर घिरट्या घालू लागली तर शंभर फेऱ्यांची नोंद होते. संख्या भरपूर असताना फेऱ्या आणि संख्या ढोबळमानाने बरोबर चालतात. संख्या दोन अंकी झाली की आलेख खऱ्यापेक्षा बरा दिसू लागतो. म्हणून ढोलीतून संध्याकाळी बाहेर पडणाऱ्या पाकोळ्या डोळ्यांनी मोजण्याला पर्याय नाही. तसे मोजले तेव्हाचे आकडे असे: २००६ च्या सुमारास एका सामूहिक ठाण्यावर, म्हणजे अनेक पाकोळ्या दिवसा एकत्र बसतात त्या जागी, ५४ पाकोळ्या, जानेवारी २००९ मध्ये सापडलेल्या एकमेव सामूहिक ठाण्यावर ४. पथकाचा अंदाज होता की सगळ्या बेटावर मिळून वीसच उरल्या असतील.

५४ वरून तीन वर्षांत ४ म्हणजे दर वर्षी निम्म्याहून अधिक गळती. ठाण्यावरचा आकडा म्हणजे एकूण संख्या नव्हे, हे मान्य. तरी याच वेगाने वीसचे वर्षभरात आठ-नऊ होतात. हा हिशेब करायला पाटी-पेन्सिल पुरे होती.

कारणांचा शोध

संशयितांची यादी लांब होती. आजही एकाही नावावर शिक्कामोर्तब झालेले नाही. मात्र वगळायला हरकत नव्हती अशी नावे बरीच होती.

जंगलतोड: बहुतेक तोड घट सुरू होण्याच्या आधीची, आणि उरलेल्या सलग जंगलातूनही पाकोळी गेली. मांजर आणि काळा उंदीर: दोघेही बेटावर शतकभर होते; पाकोळी त्यांच्यासोबत ऐंशी-नव्वद वर्षे सुखाने राहिली होती. घोण, तीही वीतभर लांबीची, झाडावर चढून सालीखाली शिरणारी: तीसुद्धा जुनीच रहिवासी.

पिवळी वेडी मुंगी हा सगळ्यात गाजलेला संशयित. १९८९ नंतर तिच्या महावसाहती जंगलभर पसरल्या आणि तिने कोट्यवधी लाल खेकडे मारले. पण जिथे या मुंग्या नव्हत्या तिथूनही पाकोळी नाहीशी होत होती. मुंग्यांवर २००२ मध्ये हेलिकॉप्टरने फिप्रोनिलचे विषारी आमिष टाकले गेले, सुमारे २,५०० हेक्टरवर. तेच विष किड्यांमार्फत पाकोळीला बाधले, असा आरोप नंतर झाला. तो तारखांवरच टिकत नाही: घट त्याच्या आधी किमान दहा वर्षे सुरू होती. रोगाची शक्यता होती, पण ठोस पुरावा हाती लागला नाही.

उरतो तो साप. कवड्या म्हणून आपल्याकडे घराच्या भिंतींवरून पाली शोधत फिरणारा जो बिनविषारी साप आहे, त्याचाच आग्नेय आशियातला सख्खा भाऊ ख्रिसमस बेटावर १९८७ मध्ये प्रथम नोंदला गेला. बहुधा मालासोबत बंदरावर उतरला. निशाचर, चपळ, उभ्या खोडावर सराईतपणे चढणारा आणि फटीत झोपलेले भक्ष्य शोधणारा. पाकोळीच्या ऱ्हासाचा नकाशा आणि सापाच्या फैलावाचा नकाशा एकावर एक ठेवले तर दिशा जुळते. पुढे बेटावरच्या देशी पाली-सापसुरळ्यांच्या ऱ्हासाचा अभ्यास झाला, त्यातही हाच साप मुख्य आरोपी ठरला. पाकोळीच्या बाबतीत मात्र तो आजही प्रबळ संशयितच म्हणावा लागतो.

इतका तपशील देण्याचे कारण पुढच्या भागात आहे. बेटभर पसरलेला, रात्री फिरणारा साप हुसकून लावण्याचे तंत्र तेव्हाही नव्हते, आजही नाही. म्हणजे कारण निश्चित कळले असते तरी रानात त्यावर तातडीचा इलाज नव्हता. मग कारण कळेपर्यंत थांबण्यात काय मिळणार होते?

समोरचे पर्याय

पहिला पर्याय: आणखी संशोधन. खर्च कमी, धोका नाही, कुणाला जाब द्यावा लागत नाही. दरम्यान प्राणी घटत राहतात.

दुसरा: ठाण्याच्या झाडांचे रक्षण. खोडाभोवती गुळगुळीत पत्र्याचा किंवा प्लॅस्टिकचा पट्टा बसवला तर साप, उंदीर, घोण वर चढू शकत नाहीत. नारळाच्या झाडाला उंदरांसाठी पत्रा ठोकतात तोच प्रकार. अडचण अशी की जंगलात शेजारच्या झाडाची फांदी किंवा वेल टेकलेली असते, आणि तेवढी वाट पुरते. शिवाय वठलेल्या झाडाची साल वर्ष-दोन वर्षांत गळून पडते आणि पाकोळ्या ठाणे बदलतात. नवे ठाणे शोधायचे तर ट्रान्समीटर लावावा लागतो. प्राण्याच्या वजनाच्या पाच टक्क्यांचा दंडक पाळला तर साडेतीन ग्रॅमच्या पाकोळीला पावणेदोन दशांश ग्रॅमचा ट्रान्समीटर हवा. इतका हलका मिळणे अवघड, मिळाला तरी त्याची बॅटरी थोडेच दिवस चालते.

तिसरा: भक्षकांचा बंदोबस्त. मांजर आणि उंदरांबाबत शक्य, पण वर्षानुवर्षांचे काम. सापाबाबत अशक्यप्राय.

चौथा: काही पाकोळ्या पकडून बंदिवासात वाढवणे. इथे खरी भीती होती. कीटकभक्षी वटवाघळांच्या बंदिस्त पैदाशीचा अनुभव जगभरच तुटपुंजा. एवढा छोटा प्राणी एक-दोन रात्री उपाशी राहिला तरी ढासळतो. हवेत किडे पकडणाऱ्याला ताटलीतून खायला शिकवावे लागते: सुरुवातीला मीलवर्मच्या अळीचे डोके कापून आतला गर चिमट्याने तोंडाला लावायचा, रोज वजन करायचे, हळूहळू त्याला स्वतः खायला लावायचे. नुसत्या मीलवर्मवर ठेवले तर फॉस्फरस जास्त आणि कॅल्शियम कमी पडून हाडे ठिसूळ होतात. म्हणून अळ्यांना आधी कॅल्शियमयुक्त खाद्य द्यावे लागते. उडायला जागा दिली नाही तर प्राणी लठ्ठ होतो. हे सारे शिकता येते, पण शिकताना काही प्राणी मरतात. वीसच उरलेले असताना ही शिकवणी परवडत नाही. काही शे असताना परवडते.

संख्येचा हिशेबही तसाच. वीस असंबंधित प्राण्यांवरून वंश सुरू केला तर मूळ आनुवंशिक विविधतेचा सुमारे ९७.५ टक्के भाग पुढच्या पिढीत उतरतो. चारांवरून केला तर ८७.५ टक्के. शिवाय चारांत नर-मादी किती निघतील हे नशिबावर.

काय केले गेले

राष्ट्रीय कायद्याखाली पाकोळीची नोंद २००१ मध्ये संकटग्रस्त अशी झाली. २००४ मध्ये तिच्यासाठी पुनर्प्राप्ती आराखडा आला. २००६ मध्ये तिला अतिसंकटग्रस्त हा वरचा दर्जा मिळाला. दर्जा वाढला, पण त्या वाढीव दर्जासोबत कुणी अमुक दिवसांत अमुक करावे, असे बंधन आले नाही. पाहण्या सुरू राहिल्या.

जानेवारी २००९ मधल्या चाराच्या आकड्यानंतर निरीक्षण पथकाने आणि वटवाघूळ-अभ्यासकांच्या संघटनेने स्पष्ट सांगितले: पाकोळ्या ताबडतोब पकडा, सहा महिन्यांत काही उरणार नाही. मंत्रालयाने फेब्रुवारीत तज्ज्ञ गट नेमला. त्याला काम दिले ते बेटाच्या एकूण परिसंस्थेला काय झाले आहे हे तपासण्याचे. प्रश्न रास्त होता. पाकोळी, पाली, खेकडे एकाच वेळी कोसळत होते आणि मुळाशी जाणे गरजेचेच होते. पण या प्रश्नाचे उत्तर वर्षाच्या मापात येणार होते आणि पाकोळीकडे आठवडे होते. दोन वेगळ्या वेगाची कामे एकाच फायलीत गेली.

मधल्या काळात एक शहाणपणाचे काम झाले. उत्तर ऑस्ट्रेलियातल्या डार्विन शहराजवळ, मुख्य भूमीवरच्या जवळच्या नात्यातल्या पिपिस्ट्रेल वटवाघळांवर पकडण्याचा आणि पाळण्याचा सराव केला गेला. बदली जातीवर हात बसवून मग दुर्मीळ जातीला हात लावायचा, हीच योग्य रीत. फक्त तो सराव २००९ मध्ये न होता तीन-चार वर्षे आधी व्हायला हवा होता.

१ जुलै २००९ रोजी मंत्र्यांनी पाकोळ्या पकडून बंदिवासात पैदास करण्याच्या प्रयत्नाला होकार जाहीर केला. पथक ऑगस्टमध्ये बेटावर पोहोचले. इशारा आणि प्रत्यक्ष सापळा यांच्यात सात महिने गेले होते.

पथकाला डिटेक्टरवर एकच पाकोळी ऐकू आली. एकच, हे फेऱ्यांच्या वेळांवरून ताडता येते: दूरदूरच्या दोन जागी एकाच क्षणी आवाज कधीच आला नाही की संशय पक्का होत जातो.

तिला पकडण्याची खटपट का फसली, हे समजून घेण्यासारखे आहे. छोट्या वटवाघळांसाठी दोन साधने वापरतात. मिस्ट नेट म्हणजे केसासारख्या धाग्याचे उभे जाळे. पण पिपिस्ट्रेलसारख्या जाती प्रतिध्वनीने ते ओळखून वळसा घालतात. हार्प ट्रॅपमध्ये ॲल्युमिनियमच्या चौकटीत नायलॉनचे दोरे दोन-तीन सेंटिमीटर अंतराने उभे ताणलेले असतात, अशा दोन ओळी, खाली कापडी पिशवी. पहिली ओळ चुकवली तरी दुसरीला धडकून प्राणी घसरत खाली येतो. हा सापळा बोळासारख्या अरुंद वाटेत लावला तर उत्तम चालतो. उघड्या रस्त्यावर त्याच्या बाजूने आणि वरून भरपूर मोकळी हवा राहते. अनेक पाकोळ्या असल्या की त्यातली एखादी बेसावध सापडते. सापळ्याचे यश हे मुळात संख्येवर चालते. एकच प्राणी, रोजची पाठ असलेली वाट आणि त्या वाटेत अचानक उभी राहिलेली चौकट: अशा वेळी तो पहिल्याच रात्री सापडला तर सापडला, पुढे अधिकच सावध होतो. ठाणे सापडले असते तर पहाटे परतताना किंवा दिवसा ढोलीच्या तोंडाशी पकडता आले असते. एकट्या पाकोळीचे ठाणे, ट्रान्समीटरशिवाय, जंगलात शोधणार कसे?

२६ ऑगस्ट २००९ च्या रात्री तिचा आवाज शेवटचा नोंदला गेला. त्यानंतर बेटभर यंत्रे ठेवली गेली. काही ऐकू आले नाही.

निष्पत्ती

तज्ज्ञ गटाचा अंतिम अहवाल २०१० मध्ये आला. धोक्यातल्या जातींच्या आंतरराष्ट्रीय लाल यादीने २०१७ मध्ये पाकोळी नामशेष झाल्याचे जाहीर केले. त्याच २००९ सालात, ऑस्ट्रेलिया आणि न्यू गिनी यांच्यामधल्या टॉरेस सामुद्रधुनीतल्या काही हेक्टरांच्या ब्रॅम्बल के या वाळूच्या बेटावरचा एक देशी उंदीर, मेलोमिस, शेवटचा दिसला. त्याच्यासाठीही बंदिवासातला विमा म्हणून प्राणी पकडायला माणसे गेली, २०१४ मध्ये. एकही मिळाला नाही. दोन टोकांची दोन बेटे, पण उशिराची तऱ्हा एकच.

निर्णयाचे टप्पे

चर्चा बहुतेक वेळा २००९ च्या सात महिन्यांभोवती फिरते. तो दोष आहेच. आमच्या मते मात्र निर्णायक वर्ष २००६ होते. तेव्हा एका ठाण्यावर ५४ पाकोळ्या एकत्र होत्या. ठाणे माहीत, तोंड माहीत, संध्याकाळी बाहेर पडण्याची वेळ माहीत. त्यातल्या वीस-पंचवीस पकडणे एका आठवड्याचे काम होते. प्रयत्न फसून सगळ्या मेल्या असत्या तरी निकाल आजच्यापेक्षा वाईट झाला नसता, कारण रानात उरलेल्याही तीन वर्षांत गेल्याच.

हा युक्तिवाद मागाहून सुचलेला आहे, असा आक्षेप घेतला जातो. अंशतः खरे. २००६ मध्ये घट थांबण्याची आशा बाळगणे मूर्खपणाचे नव्हते. पण पंधरा वर्षे एकाच दिशेने जाणारा आलेख समोर असताना ‘थांबेल’ या बाजूने पुरावा काय होता? पुराव्याचा भार नेहमी कृती करू पाहणाऱ्यावर टाकला गेला. न करणाऱ्याला कुणी पुरावा मागितला नाही.

दुसरा टप्पा १९९४ चा. रिकामा पट्टा बंदराकडून सरकतोय हे दिसल्यावर बंदरावर काय नवे आले, हा प्रश्न तेव्हाच विचारायचा होता. सात वर्षांपूर्वी नोंदलेला साप उत्तरादाखल समोरच होता. त्याला हटवता आले नसते, पण पश्चिम टोकाला पाकोळी सुरक्षित आहे हा भ्रम गळून पडला असता.

तिसरा टप्पा फेब्रुवारी २००९. तज्ज्ञ गट नेमणे चूक नव्हते. पाकोळीचा निर्णय त्याच्या अहवालाला बांधणे चूक होती. पकडण्याची परवानगी त्याच आठवड्यात वेगळी देता आली असती.

तेच बेट, दुसरा निकाल

पाकोळीच्या धक्क्याचा एक उपयोग झाला. त्याच २००९-१० मध्ये उद्यान प्रशासनाने निळ्या शेपटीच्या ६६ सापसुरळ्या आणि लिस्टरच्या ४३ पाली रानातून उचलल्या. ऱ्हासाचे कारण तेव्हाही सिद्ध झालेले नव्हते. बेटावर पिंजरे उभारले, एक गट सिडनीच्या तारोंगा प्राणिसंग्रहालयात हलवला, म्हणजे एका जागी आग, रोग किंवा वादळ आले तरी दुसरी जागा शाबूत राहील. काही वर्षांत दोन्ही जाती रानातून पूर्ण नाहीशा झाल्या. बंदिवासात मात्र त्यांची संख्या हजाराच्या पुढे गेली. २०१४ मध्ये पिंजऱ्यातल्या प्राण्यांत एक नवाच जिवाणू निघाला, चेहऱ्याच्या पेशी सडवणारा; गट वेगळे ठेवलेले असल्याने सगळे हातचे गेले नाही. २०१९ मध्ये ३०० सापसुरळ्या कोकोस बेटांपैकी पुलू ब्लान या साप नसलेल्या छोट्या बेटावर सोडल्या.

पण याच मोहिमेत एक जात हुकली. ‘फॉरेस्ट स्किंक’ नावाच्या सापसुरळीच्या बाबतीत हाती लागल्या त्या मोजक्या माद्याच, नर नाही. शेवटची मादी ३१ मे २०१४ रोजी मेली. तिच्यासाठी सापळे लावायला एखाद-दोन वर्षांचाच उशीर झाला असावा.

पाली पाळणे वटवाघळे पाळण्यापेक्षा सोपे आहे, हे ध्यानात ठेवूनच ही तुलना करावी. तरी फरक पडला तो मुख्यतः आकड्याने: ६६ आणि ४३ विरुद्ध शून्य.

पुन्हा अशी वेळ आली तर

देखरेख सुरू करतानाच कृतीची रेघ लिहून ठेवावी. उदाहरणार्थ: ठाण्यावरची संख्या तीन वर्षांत निम्मी झाली किंवा आढळक्षेत्र तिसऱ्या हिश्श्यावर आले की पुढच्या प्रजनन हंगामाआधी वीस ते तीस प्राणी पकडायचे. आकडे जातीनुसार बदलतील. महत्त्वाचे हे की ते घट सुरू होण्याआधी, शांत डोक्याने ठरलेले असावेत, आणि रेघ ओलांडली की सही कोणाची लागते त्या पदाचे नाव कागदावर असावे.

यंत्राच्या फेऱ्या आणि डोळ्यांनी केलेली मोजणी दोन्ही चालू ठेवावी. फेऱ्या कमी झाल्या की यंत्रांची संख्या वाढवावी आणि वेळा एकमेकांशी ताडाव्या, म्हणजे शंभर फेऱ्या एकाच्या की दहांच्या ते कळते.

बदली जातीवरचा सराव पहिल्या वर्षीच सुरू व्हावा. त्यात खाद्य, पिंजऱ्याचे माप, तापमान, आर्द्रता आणि मुख्य म्हणजे मृत्यूंची कारणे नोंदावीत. पकडायला माणसे निघतील त्या दिवशी पिंजरा, हातावर भरवणारी दोन-तीन अनुभवी माणसे, अळ्यांचा साठा आणि विलगीकरणाची परवानगी तयार असली पाहिजे. परवानगीचा कागद सर्वांत सावकाश चालतो, म्हणून तो सर्वांत आधी हलवावा.

कारणाचा शोध थांबवू नये. तो वेगळ्या पैशावर आणि वेगळ्या माणसांकडे द्यावा. बंदिवासातले प्राणी रानात परत सोडायचे तर कारण कळावेच लागते. पाली-सापसुरळ्यांच्या बाबतीत नेमकी हीच गाठ आजही सुटलेली नाही: ख्रिसमस बेटावर साप आहेच, म्हणून त्यांना दुसरे बेट शोधावे लागले.

त्या बेटावर आता देशी सस्तन प्राणी एकच उरला आहे, ते मोठे फळखाऊ वटवाघूळ. तेही अतिसंकटग्रस्त यादीत आहे. त्याच्या गटातली वटवाघळे जगभरच्या प्राणिसंग्रहालयांत फळांवर सहज जगतात आणि पिल्लेही देतात. हा प्राणी पाळता येईल का, ही २००६ ची धास्ती त्याच्या बाबतीत पुढे करता येणार नाही.